आबांचा कान

नॉर्वेच्या सिनेमांत मी पंधरा-सोळा वर्षं काम केलं, आणि तिथल्या एकाही प्रेक्षकाला माझी ओळख नाही. ही तक्रार नव्हे, मी मिरवतेच आहे. माझं काम चोख झालं तर मी होते याचा कुणाला पत्ता लागत नाही. चुकलं तर शेवटच्या रांगेतलं शेंबडं पोरही ओरडतं, ‘धूसर झालं!’

मी फोकस पुलर. कॅमेरामन चौकट सांभाळतो, नट रडतो, दिग्दर्शक डोकं धरतो, आणि मी कॅमेऱ्याच्या बगलेत उभी राहून एक बारकं चाक फिरवते. माणूस कॅमेऱ्याकडे आला की चाक इकडे, लांब गेला की तिकडे. तो हलेल त्याच वेळी माझा हात हलला पाहिजे. हललेला दिसल्यावर फिरवलं, तर उशीर झालेला असतो.

ही विद्या मी कुठे शिकले? खो-खोत. हसा खुशाल. शाळेत मी आमच्या संघाची पहिली पळणारी होते. पाठीमागून येणारा हात किती लांब आहे हे मान न वळवता पाठीला कळावं लागतं, नाहीतर बाद. लग्नानंतर नवऱ्याच्या नोकरीपायी ओस्लोला गेले आणि वेळ घालवायला कॅमेरे भाड्यानं देणाऱ्या एका दुकानात लेन्सच्या पेट्या पुसायला लागले. तिथे एक उंचच उंच, अबोल कॅमेरामन यायचा. मी लेन्स त्याच्या हातात देताना सहज म्हणाले, तो खांब इथून अमुक मीटर आहे. त्यानं टेप काढून मोजलं. टेप गुंडाळली. कॉफी प्यायला. आणि पुढच्या सिनेमाला मला बरोबर घेऊन गेला.

त्याला मी मनात ‘म्हातारा’ म्हणायची. नॉर्वेत सगळ्यांनी सगळ्यांना अरे-तुरे करायचं, राजालासुद्धा. माझी जीभ काही वळेना, म्हणून मी त्याला काहीच हाक मारायची नाही. नुसती समोर जाऊन उभी राहायची. म्हाताऱ्यानं मला एकच नियम शिकवला: जवळचा डोळा. चेहरा जरासा तिरका असला तर दोन डोळ्यांतला एकच लख्ख ठेवता येतो. तो कॅमेऱ्याच्या जवळचा असला पाहिजे. नाक धूसर झालं तर चालेल, कान गेला तर जाऊ दे. माणूस डोळ्यांत असतो, असं तो म्हणायचा. वर्षभर तेवढं एकच मोठं वाक्य बोलायचा. बर्फात पापण्या गोठल्या, भिंग वाफाळलं, पण मी जवळचा डोळा सोडला नाही. काम फारच सुरेख झालं की म्हातारा म्हणे, ‘वाईट नाही.’ त्यांच्या भाषेत ही पद्मश्री असते.

मग नवऱ्याला आयर्लंडमध्ये, रिंगास्किडीच्या औषधाच्या कारखान्यात नोकरी लागली. आम्ही जवळच्याच एका गावात घर घेतलं. वरच्या खिडकीतून बंदरात शिरणारी जहाजं आणि कारखान्यांच्या चिमण्या दिसतात. मी सिनेमापुरती विमानानं नॉर्वेला जायची, संपला की परत. अशी छान चैन चालली होती.

दोन हजार वीसच्या जानेवारीत सासूबाई आल्या. साताऱ्याजवळच्या गावाहून, पहिल्यांदाच, तीन महिन्यांसाठी. आबा, म्हणजे माझे सासरे, आले नाहीत. ते एसटीचे ड्रायव्हर होते, आणि दुसऱ्याच्या हातात चाक असलेल्या कुठल्याही वाहनात बसायची त्यांची तयारी नसे. विमानात तर नाहीच. ‘तू जाऊन यी. मी म्हशीला बघतो,’ म्हणाले. मार्चमध्ये जग बंद झालं. विमानं उतरली ती उडेनात. म्हाताऱ्याचा सिनेमा थांबला, मी घरात, नवरा तोंडाला दोन-दोन मास्क लावून कारखान्यात, आणि सासूबाई खिडकीशी बसून जहाजं मोजत.

सरकारनं सांगितलं, एकमेकांपासून दोन मीटर लांब उभे राहा. तो सगळा काळ भयाचा होता, पण तुम्हाला खरं सांगते, दुकानाबाहेरच्या रांगेत मला दुसराच त्रास होई. एकाचेही दोन मीटर बरोबर नसत! कुणाचे दीड, कुणाचे अडीच. मी डोळे मिटून उभी राहायची.

सासूबाईंनी एकदा विचारलं, ‘सूनबाई, तू तिकडं जाऊन नक्की करतीस तरी काय?’

‘माणसाचा चेहरा स्पष्ट दिसेल असं बघते.’

त्यांनी जरा विचार केला. ‘काम वाईट न्हाई,’ म्हणाल्या. म्हाताऱ्याची पद्मश्री मला माझ्याच स्वयंपाकघरात मिळाली. मग हळूच पुढे म्हणाल्या, ‘मंग ह्यांचा दाव की मला.’

गोष्ट एवढीच आहे. सासूबाईंना आबांचा चेहरा बघायचा होता, आणि तो दिसत नव्हता.

फोन रोज लागत होता. गावाकडे शेजारच्या वहिनी आबांना डबा द्यायच्या, आणि त्यांच्याच फोनवरून रोज दुपारी, आमच्या सकाळी, चित्रासकट फोन जोडून द्यायच्या. वहिनी चित्र जोडत, फोन आबांच्या हातात देत, आणि आबा तो तत्काळ कानाला लावत. बसच्या इंजिनाशेजारी जन्म काढलेला माणूस, त्यांना कमीच ऐकू यायचं. आमच्या पडद्यावर भलामोठा कान. उजवा. वरच्या कडेला एक खाच, लहानपणी बैलानं शिंग मारलं होतं तिथली. कानात पांढऱ्या केसांचा झुबका. मागे पत्रा आणि फिरणारा पंखा.

‘आबा, फोन समोर धरा!’ मी ओरडायची.

‘काय?’

‘समोर! डोळ्यांसमोर!’

‘सूनबाई, फोन कानाला लावत्यात. डोळ्याला कोण लावतं?’

सासूबाई पदर तोंडाला लावून हसायच्या. मग त्या कानाशी बोलायच्या. म्हैस, पाण्याची मोटर, वहिनींच्या आमटीत मीठ जास्त असतं ते. आणि शेवटी आबा दररोज एकच विचारत: ‘कडी लावून निजता न्हवं?’ परक्या देशात त्यांना चोरांचं भय होतं. आमच्या दाराला कडी नाही. इथे कुणाच्याच नसते, दार ओढलं की बंद होतं. पण सासूबाई म्हणायच्या, ‘लावतो की.’ मग कान निघून जायचा, आणि पंख्याचा अर्धा फेरा दिसून फोन बंद व्हायचा.

मला चेव चढला. नॉर्वेतले नामांकित नट माझ्या खुणेवर पाय ठेवून उभे राहिले होते, आणि एक ड्रायव्हर ऐकत नाही म्हणजे काय! वहिनींना सांगून पिठाच्या डब्यावर फोन टेकवला, पुढे खडूनं आबांची जागा आखली, खुर्ची खिडकीशी लावली. उजेड असा सुंदर की म्हातारा खूश झाला असता. आबा आले, खुर्चीवर बसले, आणि डब्यावर कान टेकवला. वहिनी म्हणाल्या, ‘ताई, हे म्हंजी डाक्टरावानी डब्याची छाती तपासत्यात.’

एकदा मात्र घडलं. सासूबाई परसात कपडे वाळत घालायला गेल्या होत्या. फोन लागला, आणि बायकोचा आवाज येईना म्हणून आबांनी कानाचा फोन काढून समोर धरला. ‘कुठं गेली ही?’ म्हणत ते पडद्यात शोधू लागले. चेहरा जरा तिरका, खिडकीचा उजेड गालावर, जवळचा डोळा लख्ख. गाल बसले होते. दाढीचे खुंट वाढले होते. मी परसाकडे हाका मारल्या, आणि हाका मारता मारता बघतच राहिले. तो चेहरा फोनमध्ये टिपून ठेवावा हे मला सुचलं नाही. सगळी वर्षं मी चाक फिरवलं, चित्रीकरणाचं बटण दुसराच कुणीतरी दाबायचा. माझ्या हाताला ते बटण ठाऊकच नव्हतं. सासूबाई ओल्या हातांनी धावत आल्या तोवर फोन पुन्हा कानावर गेला होता.

‘कसं दिसत व्हते?’ त्यांनी विचारलं.

‘छान,’ मी म्हणाले.

त्या हिवाळ्यात आमच्या शेजारणीचा भाऊ गेला. शेजारीण सत्तरीपुढची, अस्सल इथल्या कॉर्क जिल्ह्याची, पुरुष असो बाई असो, समोरच्याला ‘गर्ल’ किंवा ‘बॉय’ म्हणणारी. आयर्लंडमध्ये मयताला गाव लोटतं. त्या वर्षी चर्चमध्ये मोजक्याच माणसांना परवानगी होती. बाकीच्यांनी शववाहिनी जाताना आपापल्या फाटकाशी उभं राहायचं. सासूबाईही उभ्या राहिल्या, माझा जाडजूड कोट घालून, वरून पदर डोक्यावर घेऊन. गाडी समोरून हळू गेली तेव्हा त्यांनी रस्त्यावर थोडे तांदूळ टाकले.

शेजारणीची बाकी भावंडं ऑस्ट्रेलियात, ती तिथून पडद्यावर बघणार. चर्चमधला कॅमेरा छताशी बसवलेला, त्यात फक्त टकलं दिसत. म्हणून पाद्रीबुवांनी मला गाठलं: तुमचा कॅमेरा लावाल का? मी लावला. कित्येक महिन्यांनी हाताखाली चाक आलं होतं. खोटं कशाला बोलू, मला आनंद झाला. मयतात! शेजारीण पहिल्या बाकावर बसली होती, आणि मी तिचा जवळचा डोळा पकडला तो शेवटपर्यंत सोडला नाही. पापणीवर पाणी जमलं, थरथरलं, सांडलं. म्हातारा असता तर म्हणाला असता, वाईट नाही.

चार दिवसांनी शेजारीण कुंपणापाशी आली. माझे आभार मानले, केक दिला. मग म्हणाली, ‘सगळं ग्रँड होतं, गर्ल. पण माझा डोळा मी रोज आरशात बघते. युअर मॅन कुठे होता?’

इथे कुठल्याही पुरुषाला ‘युअर मॅन’ म्हणतात, शवपेटीतल्यालाही. तिचा भाऊ माझ्या चित्रात होताच. मागे, तपकिरी, धूसर.

‘सॉरी,’ मी म्हणाले.

‘अगं, तोही आयुष्यभर असाच मागे उभा असायचा,’ ती म्हणाली आणि हसता हसता रडायला लागली. आमच्यामध्ये कुंपण होतं, आणि दोन मीटरही होते. या वेळी बरोबर दोन. मी केक हातात धरून उभी राहिले.

दोन हजार एकवीस लागलं. नॉर्वेनं सरहद्द बंद केली. म्हाताऱ्याचा फोन आला. सिनेमा पुन्हा सुरू होतोय, तुला येता येईल का? नाही, म्हटलं. म्हणाला, दुसरी एक मुलगी घेतो. मग म्हणाला, हा माझा शेवटचा. मी विचारलं, डोळे चांगले आहेत ना? ‘वाईट नाहीत,’ म्हणाला, आणि या वेळी ती पद्मश्री नव्हती. ती फोकस पुलरची नोकरी अशी संपली, उभ्या उभ्या, स्वयंपाकघरात. इथे कपाटाला ‘प्रेस’ म्हणतात. त्या प्रेसमध्ये वरच्या फळीवर मी माझी मोजायची टेप ठेवून दिली.

सासूबाईंचं तिकीट दोनदा काढलं, दोनदा रद्द झालं. तिसऱ्यांदा काढलं ते वसंतातलं. त्यांनी बॅग भरली. आबांसाठी लोकरीची कानटोपी घेतली. मीच म्हटलं होतं, कान झाकला की कदाचित तोंड दाखवतील. मग भारतात ती दुसरी लाट आली. रोज गावाकडून एकेक नाव. आबा म्हणाले, ‘येऊ नगंस. हितं माणसं मुंग्यांवानी जात्यात. तिथंच ऱ्हा, कडी लावून.’ सासूबाईंनी बॅग उघडली नाही. ती जिन्याखाली भरलेलीच राहिली.

आबांना करोना झाला नाही. ते झोपेत गेले. सकाळी डबा घेऊन गेलेल्या वहिनींना दार आतून कडी लावलेलं मिळालं. चुलतदिरानं कवाड मोडलं.

आम्हाला फोन आला तेव्हा नवरा रात्रपाळीवर होता. कारखान्यात त्याच्या विभागात फोन नेता येत नाही. निरोप पोचून तो घरी आला तो कामाच्या पांढऱ्या कपड्यांतच. विमान नव्हतंच, आणि असतं तरी गावात प्रेत ठेवायला कुणी तयार नव्हतं. प्रत्येक मयत त्याच रोगाचं असणार, असं लोक धरून चालले होते. दुपारच्या आत उरका, म्हणून निरोप येत होते. चुलतदीर अग्नी देणार होता. नवरा जिन्याच्या खालच्या पायरीवर, त्या बॅगेशेजारी बसला आणि उठलाच नाही.

वहिनींनी चित्राचा फोन लावला. मी फोन टेबलावर उभा केला, मागे साखरेचा डबा. सासूबाईंना समोर बसवलं. त्या रडत नव्हत्या. म्हणाल्या, ‘आता तरी दाव.’

वहिनींना फोन स्थिर धरता येईना. ओसरी, चार माणसं, तोंडाला रुमाल. उदबत्त्यांचा गच्च धूर. आबा जमिनीवर, पांढऱ्यात. चेहरा दिसला, गेला. फोनचा कॅमेरा मूर्ख असतो. जे हलतं त्यामागे धावतो. तो धुरावर जाई, हारावर जाई, मागच्या भिंतीवर जाई. माझा हात टेबलाच्या कडेवर नसलेलं चाक फिरवत होता.

‘वहिनी, ऐका. उदबत्त्या बाजूला घ्यायला सांगा. तुम्ही गुडघ्यावर बसा. कोपर मांडीला टेकवा. हां. आता दीड हातावर या. अजून. थांबा. आता पडद्यावर त्यांच्या डोळ्यावर बोट टेकवा. अलीकडच्या डोळ्यावर.’

वहिनींनी बोट टेकवलं. चित्र एकदा फुगलं, आकसलं, आणि थांबलं. लख्ख. पापणी, पापणीचे केस, भुवईतला लांब पांढरा केस. माझ्या सगळ्या नोकरीत मी याहून स्पष्ट डोळा ठेवला नव्हता. तो मिटलेला होता.

सासूबाई वाकल्या. बघितलं. पुन्हा मागे टेकल्या.

‘ह्ये न्हवं,’ म्हणाल्या.

‘आई, आबाच आहेत.’

‘आगं, कळतंय मला. मिटल्याल्या डोळ्यात काय बघायचं? कान दाव.’

दीड वर्षं मी ज्या कानाशी भांडले तो कान.

‘उजवा,’ त्या म्हणाल्या.

मी वहिनींना सांगितलं, उजवीकडून फिरा. फोन आबांच्या छातीवरून पलीकडे गेला, आणि कान आला. ती खाच, तो केसांचा झुबका. आणि आत कापसाचा बोळा. सासूबाईंनी पहिल्यांदाच हुंदका दिला.

‘त्यो कापूस काडा, वहिनी,’ त्या म्हणाल्या. ‘आदीच ऐकू कमी.’

ओसरीवरचे पुरुष कुजबुजले. असं करत नाहीत, असं कुणीतरी म्हणालं. वहिनी तोंडावरच्या रुमालातून फिस्कारल्या, ‘तिकडं तोंड करा की दोन मिन्टं!’ आणि त्यांनी दोन बोटांनी बोळा काढला.

सासूबाईंनी टेबलावरचा फोन उचलला, तोंडाशी धरला. ‘लावा,’ म्हणाल्या.

वहिनींना कळलं. मला नंतर कळलं. त्यांनी फोन आबांच्या कानाला लावला. आमचा पडदा आधी गुलाबी झाला, मग तपकिरी, मग काळा. काहीच दिसत नव्हतं. चित्र गेलं, मागे घ्या, हे माझ्या जिभेवर आलं, सवयीनं. मी दात ओठावर दाबले.

‘ऐकलं का?’ सासूबाई त्या काळ्या पडद्याशी म्हणाल्या, रोजच्याच आवाजात. ‘म्हस पुतण्याकडं दिलीया, त्येची काळजी नगं. टोपी घेतली व्हती तुमाला, ती ऱ्हायली. पोरगं येऊ शकलं न्हाई. त्येच्यावर रागवू नगासा.’ जिन्यावरून माझ्या नवऱ्याचा आवाज आला. तो शब्द नव्हता. त्या थांबल्या, तो शांत होईपर्यंत थांबल्या. ‘मी हितं बरी हाय. कडी लावलीया. तुमी जावा.’

मग फोन माझ्या हातात देऊन त्या उठल्या, आणि खिडकीकडे न जाता न्हाणीघरात गेल्या. नळाचा आवाज आला. पडद्यावर पत्रा आणि पंखा दिसत होता. पंखा कुणीतरी बंद केला होता.

पुढचं नवऱ्यानं पाहिलं. चुलतदिरानं केलं ते सगळं त्यानं फोनमधून पाहिलं, पायरीवर बसून. फोन मी धरला. हात हलू दिला नाही, एवढंच माझ्याच्यानं झालं.

दुसऱ्या दिवशी शेजारणीनं कुंपणावरून केक दिला. तोच केक, त्याच ताटलीत. ‘युअर मॅन दिसला का?’ एवढंच म्हणाली. मी म्हटलं, नाही, पण भेटला. ‘ग्रँड,’ ती म्हणाली.

दुपारी नवरा गाडी काढून कुठेतरी गेला आणि हातोडी-खिळ्यांच्या दुकानातून पितळेची कडी घेऊन आला. आमचं दार असल्या गोष्टीसाठी बनवलेलंच नाही. लाकडाआड कसलातरी पत्रा आहे, त्यात स्क्रू शिरेनात. तो घाम पुसत, नाक पुसत संध्याकाळपर्यंत दारापाशी गुडघ्यांवर बसला होता. शेवटी बसली, जरा वाकडी. मी प्रेसमधून टेप काढून मोजून देणार होते, पण नाही काढली.

सासूबाई आल्या. त्यांनी कडी एकदा सरकवली, काढली, पुन्हा लावली.

‘वाईट न्हाई,’ म्हणाल्या.